हाक मारायला मोकळं नाव

पुण्याहून निघताना माझ्या मुलीनं, एस्तेरनं, पिशवीत मेथीच्या पराठ्यांचा डबा ठेवला आणि दारातच विचारलं, "परत आल्यावर तरी सांगशील ना, आई?" मी मान हलवली. ती हो म्हणून हलवली की नाही म्हणून, ते माझं मलाच कळलं नाही.

एस्तेरला दिवस भरत आले आहेत. मुलगा झाला तर त्याचं नाव रूबेन ठेवायचं, असं तिच्या मनात आहे. रूबेन हा माझा थोरला भाऊ, तिचा मामा. तिनं त्याला पाहिलेलंही नाही. तो फौजेत होता. ऐन पंचविशीत बर्फाखाली गाडला गेला. त्या दिवसापासून आमच्या आईनं ते नाव पुन्हा उच्चारलं नाही. 'त्याची पेटी', 'त्याचा स्वेटर' इतकंच म्हणायची. आई जाऊनही आता बरीच वर्षं झाली, पण घराची सवय काही गेली नाही. तेच नाव आता तान्ह्या बाळाला द्यायची मला भीती वाटे. "तू मनापासून हो म्हणशील तरच ठेवीन," असं एस्तेरनं सांगून टाकलं आणि ते घोंगडं माझ्या गळ्यात पडलं.

आम्ही बेने इस्राएल, महाराष्ट्रातले ज्यू. कोकणच्या किनाऱ्यावर आमचे पूर्वज कधी उतरले, ते नेमकं कुणालाच ठाऊक नाही. आले, तेलाचे घाणे चालवू लागले, शनिवारी बैल सोडून स्वस्थ बसू लागले, म्हणून लोक त्यांना 'शनिवार तेली' म्हणू लागले. नावं मात्र त्यांनी सोडली नाहीत. इथल्या मातीत ती थोडी वळली, एवढंच. बिन्यामीनचे बुनाजी झाले, मोशेचे मुसाजी झाले. घरात मराठी आणि प्रार्थनेत हिब्रू, असं आमचं चाललेलं असतं.

पण मी निघाले होते ते दुसऱ्याच एका रूबेनला भेटायला, आणि तो बेने इस्राएल नव्हे. भावाच्या पलटणीत शंकर नावाचा त्याचा जिवलग दोस्त होता, कोरेगावकडच्या एका खेड्यातला. त्याला मुलगा झाला, त्याचं नाव त्यानं रूबेन ठेवलं. माझा भाऊ तेव्हा हयात होता. तो गेल्यावर शंकरभाऊ आमच्या घरी आले, उंबऱ्याशी बसले आणि आईला म्हणाले, "आई, आमच्याकडं या. तुमचा रूबेन बगायला या." आई उठून आत गेली. शंकरभाऊही आता नाहीत. पण त्यांचा मुलगा दर दिवाळीला न चुकता फोन करतो, "आत्या, कवा येताय?" या माघात मी त्याला म्हटलं, येते. ज्या नावाची मला भीती वाटते, ते दुसऱ्या कुणाच्या अंगावर कसं वाढलंय ते एकदा डोळ्यांनी बघावं, म्हणजे एस्तेरला काय ते सांगता येईल.

गाडी सकाळची होती आणि मला खिडकी मिळाली. जेजुरी गेली, नीरा गेली. ऊन कोवळं होतं. डोंगर जवळ येत होते आणि पुन्हा लांब जात होते. वाठार मागे पडलेलं मला नक्की आठवतं. मग गाडीच्या लयीत कधी डोळा लागला कुणास ठाऊक. स्वप्नात आमचं जुनं घर होतं, आई तांदूळ निवडत होती आणि बाहेरून कुणीतरी हाक मारत होतं. पण कुणाला, ते काही ऐकू येत नव्हतं.

जाग आली तेव्हा खिडकीबाहेर नुसता ऊस होता. समोरच्या बाईंना विचारलं, "कोरेगाव आलं का हो?"

"कोरेगाव? आवं, ते कवाच गेलं की!" त्या म्हणाल्या. "आता सांगलीच येतीया. आमी म्हनलं, बाई लय दमलेल्या दिसत्यात, कशाला उठवा?"

इतक्या प्रेमळ माणसांवर रागावणार तरी कसं? सांगलीला उतरले आणि ओशाळून रूबेनला फोन लावला. तो एवढा हसला की फोन कानापासून लांब धरावा लागला. "आत्या, तितंच ऱ्हावा. घाटावर जाऊन बसा निवांत. मी गाडी घिऊन आलोच."

मग मी कृष्णेच्या घाटावर निवांत बसले. वाटेत भडंग (तेलात परतून मसाला लावलेले चुरमुरे) घेतलं होतं. पाणी वाहतंय की थांबलंय, ते कळत नव्हतं. पलीकडच्या काठावर कुणीतरी म्हशी धूत होतं. गणपतीच्या देवळाची घंटा मधूनच वाजे आणि नदी ती हळूहळू पलीकडे घेऊन जाई. मला वाटलं, मी अजून गाडीतच झोपलेय आणि हे सगळं झोपेतलंच आहे. पण भडंग तिखट होतं, त्यावरून खात्री पटली.

ऊन कलल्यावर वरच्या पायरीवरून आवाज आला, "आत्या!" चाळिशी ओलांडलेला, भरघोस मिशांचा, अंगानं दणकट गडी होता. पायऱ्या उतरून आला आणि भर घाटावर वाकून माझ्या पाया पडला. मी त्याच्या चेहऱ्यात माझा भाऊ शोधत होते. वेडेपणाच तो, रक्ताचं नातं थोडंच होतं. तरीही शोधला.

त्याच्या पिकअपमधून आम्ही निघालो. कारखान्याकडे निघालेल्या उसाच्या ट्रॉल्या पुढे डुलत होत्या आणि आम्ही त्यांच्या मागून रांगत होतो. कुठेतरी हळद शिजवत होते, तिचा उग्र वास गाडीत शिरला.

"या नावाचा त्रास नाही का रे झाला तुला?" मी विचारलं.

"झाला की. शाळेत मास्तर म्हनायचं, ह्ये कुठलं रं नाव? मी सांगायचो, फौजेतलं हाय. मग गप बसायचं." तो हसला. "गावात समदी रुबन्याच म्हनत्यात. आता पोरं मोठी झाली, तर रुबनराव म्हनायला लागल्यात."

दिवेलागणीला गावात पोचलो. शंकरभाऊंच्या पत्नी, हौसाबाई, दारात भाकरतुकडा घेऊन उभ्या होत्या. तो माझ्यावरून ओवाळून टाकला आणि म्हणाल्या, "या वन्सं." (वन्सं म्हणजे नणंद.) पुण्यातल्या फ्लॅटमध्ये कित्येक वर्षांत मला कुणी वन्सं म्हटलं नव्हतं. जेवणात घेवड्याची आमटी, भाकरी, खर्डा आणि तुपाची वाटी होती. "मटान न्हाई केलं," त्यांनी आपणहून सांगितलं. "भाऊजी आमच्यात मटान खात नसत. तुमच्यात कापायची रीत येगळी आसती, आसं सांगायचं." माझ्या भावाचं, इतक्या वर्षांपूर्वीच्या पाहुण्याचं पथ्य त्या घरानं लक्षात ठेवलं होतं.

सकाळी जाग आली ती हाकेनं.

"रूबेऽऽन! आरं ए रूबेऽऽन!"

मी अर्धवट झोपेत होते. वाटलं, आई हाक मारतेय, भाऊ पटांगणात खेळायला गेलाय आणि शाळेची वेळ झालीय. मी तशीच पडून राहिले, कारण डोळे उघडले असते तर ते संपलं असतं. हाक पुन्हा आली, लांबट, वरच्या पट्टीत. शेवटी मी उठून बाहेर आले. धुकं अजून शेतावरच होतं, त्याच्या वर जरंड्याचा डोंगर तेवढा दिसत होता. हौसाबाई बांधावर उभ्या राहून तोंडाशी हात धरून ओरडत होत्या, "रूबेऽऽन! च्या थंड व्हतूया, मुडद्या!" आणि धुक्यातून उत्तर आलं, "आलो गं, किती वरडतीस!"

मी तिथेच ओट्यावर बसले. ते नाव असं मोकळ्यानं, रागानं, चहासाठी हाकारलं जाताना मी लहानपणानंतर ऐकलंच नव्हतं.

हौसाबाई माझ्याशेजारी येऊन टेकल्या. त्यांना काही सांगावं लागलं नाही. म्हणाल्या, "ह्ये नाव मी मागून घेतल्यालं हाय, वन्सं."

"म्हणजे?"

"आमची भावकी लय मोठी. सासरं, चुलतसासरं, थोरलं दीर. रामापास्नं मारुतीपतोर समद्या देवांची नावं घरात. आन् थोरल्या मानसांची नावं आमी बाया घेत न्हाई. माज्या जावंच्या पोराला सासऱ्याचं नाव ठिवलं. त्ये पोरगं हिरीच्या काठावर गेलं, तर हिच्या तोंडातनं नाव निघंना! नुसतं 'आरं, आरं' करत पळाली. वाचलं, देवाची किरपा. तवा मी पोटुशी हुती. मी ह्यास्नी म्हनलं, पोरगं झालं तर मला हाक मारता यील आसं नाव आना."

शंकरभाऊंनी ही अडचण पलटणीत सांगितली. माझा भाऊ म्हणाला म्हणे, "माझं घे. तुझ्या भावकीत हे नाव सापडलं तर मी फौज सोडून तुझ्या म्हशी वळीन."

"आन् बारशाला सोता आल्तं," हौसाबाई पुढे सांगू लागल्या. "ह्यास्नी भन न्हवती. मग कानात नाव कोन सांगनार? आत्याच पायजे. भाऊजी म्हनलं, माजी भन हाय पुन्याला, तीच आत्या. आज तिच्या बदली मी. आन् बसलं की पाळण्याजवळ, फौजी टोपी घालून! 'कुर्रर्र' केलं, नाव सांगितलं. आता आत्याच्या पाठीत धपकं घालायची रीत. बाया लाजल्या, गडीमानसाला कसं मारायचं? मी म्हनलं, हाना गं! मग आसं धपाधपा हानलं का त्येंची टोपी पाळण्यात पडली. लय हसलं. डोळ्यातनं पानी येस्तवर हसलं."

मी हसत होते आणि रडतही होते. आमच्या घरात माझा भाऊ फक्त गेलेला होता. जो उरला होता तो बर्फ, तार आणि बंद पेटी. आणि या ओट्यावर तो इतकी वर्षं टोपी सावरत बायकांचे धपके खात बसला होता, आणि मला कुणी सांगितलंच नव्हतं.

मग मी त्यांना नावाचा अर्थ सांगितला. रूबेन म्हणजे 'पाहा, मुलगा!' आमच्या जुन्या धर्मकथेत एक नावडती बायको आहे. नवरा तिच्याकडे बघतही नसे. तिला पहिला मुलगा झाला आणि तिनं स्वतःच त्याचं नाव ठेवलं. देवानं माझं दुःख पाहिलं, आता माणसंही पाहतील, असं तिच्या मनात होतं.

हौसाबाई पदरानं तोंड पुसत म्हणाल्या, "आदी दोन पोरी झाल्त्या मला. ह्यो झाला तवा सासूनं पैल्यांदा माज्या तोंडाकडं नीट बगितलं. म्हंजे त्या बाईचं बी माज्यासारकंच हुतं म्हना की."

तेवढ्यात रूबेन चहाला आला. पाय चिखलानं भरलेले, खांद्यावर टॉवेल. हौसाबाईंनी त्याला खाली बसायला लावलं. "वन्सं, तुमचं काम ऱ्हायलंय," त्या म्हणाल्या.

"अहो, वहिनी, हा केवढा झालाय!"

"मग वाका थोडं. कान तितंच हाय."

मी वाकले. ओल्या मातीचा आणि तंबाखूचा वास आला. कुर्र करायला ओठ वळेनात, त्यानंतर नाव तर दूरच. आईनं जे पुन्हा उच्चारलं नाही, ते माझ्याही तोंडातून निघेना. हौसाबाईंनी वाट पाहिली नाही. पाठीत दणकन धपका घातला. आणि नाव बाहेर पडलं, "रूबेन." दुसरा धपका बसला. "रूबेन!" खुरपं धरलेला हात तो, पाठ पुण्यापर्यंत बोलत होती. रूबेन कान चोळत म्हणाला, "आत्या, पैलं ऐकू आलं हुतं." पण टॉवेलनं त्यानं डोळेही पुसले.

दुपारी त्यानं मला कोरेगाव स्टेशनवर सोडलं. पिशवीत घेवडा, आलं आणि काकवीची बाटली होती. गाडी हलली तसा तो खिडकीबरोबर चालत म्हणाला, "आता झोपू नगा, न्हाईतर मंबईलाच यावं लागंल मला." मी झोपले नाही. खिडकीतून तेच डोंगर उलट्या क्रमानं येत होते आणि मी मनाशी ते नाव घोळवत होते. मी समजत होते, नाव माणसाबरोबर बर्फात गेलं. ते तर इथे ऊस लावत होतं, दोन पोरांचा बाप झालं होतं, रोज सकाळी आईच्या शिव्या खात होतं. मला नावाची भीती नव्हतीच. भीती होती ती आमच्या घरातल्या गप्प बसण्याची.

घरी पोचले तेव्हा संध्याकाळ झाली होती. आतल्या खोलीत एस्तेर पाय वर घेऊन पडली होती. मुलगा होईल की मुलगी, कुणाला ठाऊक. मुलगा झाला तर आठव्या दिवशी, सुंतेच्या वेळी, एलियाहू नबीच्या खुर्चीशेजारी त्याचं नाव पुकारतील. पण तोवर मला थांबवेना. मी पिशवी खाली ठेवली, गॅलरीत गेले, हौसाबाईंसारखे तोंडाशी हात धरले आणि पूर्ण आवाजात हाक मारली, "रूबेऽऽन!"

समोरच्या इमारतीतली दोन डोकी बाहेर आली. एस्तेर पोट सावरत धावत आली. "आई! कुणाला हाक मारतेयस?"

"तुझ्या मामाला," मी म्हटलं. "चहा थंड होतोय त्याचा."