प्रतापकाकांची कॉमेंट्री

प्रतापकाका साने म्हणजे अमेरिकेतल्या आमच्या चँडलर गावच्या मराठी मंडळाचे करमणूकमंत्री. आठवडाभर कॉम्प्युटर चिपच्या फॅक्टरीत इंजिनिअर. रविवारी लायब्ररीतून जुन्या मुक्या कार्टूनची रिळं आणायची, भिंतीवर पांढरी चादर लावायची आणि पोरांना जमिनीवर बसवून प्रोजेक्टर सुरू. चित्रं मुकी, पण काकांचं तोंड कसलं थांबतंय! कार्टूनमधल्या कुत्र्याचं नाव त्यांनी बंड्या ठेवलेलं. त्याच्यामागे धावणारा जाडा आचारी म्हणजे मंडळाचे अध्यक्ष, म्हणजे माझा नवरा. मला रागही यायचा आणि हसूही. शेवटी आचारी खड्ड्यात पडला, की रीळ संपत आलं हे ओळखून काका त्याच दमात बायकोला, मृणालिनीवहिनींना, ओरडून चहाचं सांगायचे.

माझी दीपा तेव्हा आठ वर्षांची. मराठीत विचारलं तरी उत्तर इंग्रजीत. एकदा मी काकांना टोमणा मारला, कशाला घसा कोरडा करता, या कार्ट्यांना एक अक्षर कळत नाही.

पंच्याऐंशी साली काकांच्या घशात गाठ निघाली. ऑपरेशनमध्ये जीव वाचला, आवाज मात्र कायमचा गेला. माझं ते बोलणं मला खात राहिलं. काकांनी प्रोजेक्टर गराजमध्ये टाकला. वहीत लिहून दाखवलं, मुकं कार्टून आणि मुका माणूस, कोण बघणार? मृणालिनीवहिनी म्हणाल्या, जेवतसुद्धा नाहीत गं धड, मला भीती वाटते.

मी हट्टालाच पेटले. पुढच्या रविवारी आठ-दहा पोरं घेऊन त्यांच्या दारात हजर. काकांनी नाइलाजाने रीळ चढवलं. बंड्याने सॉसेज पळवलं, आचारी मागे धावला, आणि खोलीत नुसती प्रोजेक्टरची खरखर. मला वाटलं, कुठून ही अवदसा आठवली मला.

तेवढ्यात दीपा, चक्क मराठीत, म्हणाली, "पळ रे बंड्या, अध्यक्ष आले!"

मग सगळीच पोरं सुरू झाली. शब्द काकांचे, हेलही काकांचेच. बंड्याने जमिनीवरचा खड्डाच चटईसारखा उचलून आचाऱ्याच्या पुढ्यात टाकला, आचारी धाडकन आत, आणि पोरं एका सुरात ओरडली, "मृणाल, चहा टाक गं!"

ती हाक पोरांना गोष्टीतलीच वाटत होती.

काका प्रोजेक्टरला धरून रडत होते, हसत होते. वहिनींनी डोळे पुसले आणि आत जाऊन चहा टाकला.