सेटच्या पोटातला आकडा

मी डिचोलीच्या एका शाळेत गणिताचा मास्तर होतो. उभा जन्म पोरांच्या वह्या तपासण्यात गेला, त्यामुळे एक खोड लागली ती लागलीच. उत्तर बरोबर आलं की मला आधी वाटतं, मेल्यानं कुणाचं बघून लिहिलं?

निवृत्तीनंतर लाटंबार्सेच्या घरी मला हौशी रेडिओचा नाद लागला. तो लावला फोंड्याच्या माझ्या मित्रानं. परवान्याच्या परीक्षेलाही त्यानंच बसवलं. रोज सकाळी साडेसहाला आम्ही आठ-दहा जण आपापल्या घरून, सेटवरून एका ठरलेल्या फ्रिक्वेन्सीवर गप्पांना जमतो. मुलगी लग्न होऊन दूर गेली, घरात आम्ही नवराबायको दोघंच. सकाळी त्या मित्राचा आवाज कानावर पडला नाही तर माझा दिवस सुरू होत नाही. हे त्याला कधी बोललो नाही, पण खरं आहे.

मागच्या साली माझ्या सेटचं माइकचं सॉकेट ढिलं झालं. मित्र सेट दुरुस्तीला घेऊन गेला आणि आठ दिवसांनी परत आणून मेजावर ठेवला. "सॉकेट नवं घातलंय, बाकी काही नाही," म्हणाला आणि चहा न घेता निघाला. चहा न घेता! आमच्याकडे दोन कप पिऊन तिसऱ्याची वाट बघणारा माणूस! माझ्या मनात पाल चुकचुकली.

या सेटच्या पोटात एक लपलेली यादी असते. सेट बंद करायचा, पुढची दोन बटणं दाबून धरायची आणि तशीच धरून चालू करायचा. मग कारागिरांसाठी ठेवलेल्या ओळी पडद्यावर येतात, प्रत्येकीपुढे एक आकडा. तिथं हात लावण्याआधी जुने आकडे उतरवून ठेवायचे, असा आमच्यातला रिवाज. त्याआधी दोन वर्षं सेट जुन्यात घेतला तेव्हाच मी ते सगळे वहीत तांबड्या शाईनं उतरवले होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी "वाच गो," मी बायकोला म्हटलं. ती वहीतून वाचत गेली, मी पडद्यावर बघत गेलो. एक ओळ जुळेना. फ्रिक्वेन्सी नेमकी कुठं बसावी ते ठरवणारी.

"अहो, मुद्दाम कशाला करतील ते?" बायको म्हणाली.

"मग सांगितलं का नाही?"

मी आकडा वहीप्रमाणे परत फिरवला आणि दुसऱ्या सकाळी, सगळे ऐकत असताना, बोलून बसलो, "माझ्या सेटच्या पोटात कुणीतरी चोरून हात घातलाय. ज्यानं घातला त्याला ठाऊक आहे."

आमच्यात असलं काही उघड्या फ्रिक्वेन्सीवर बोलत नाहीत. तिथं बोललेलं पुसता येत नाही. मित्र एवढंच म्हणाला, "तुझा सेट, तुझा आकडा, मास्तर. मी काय बोलू?" आणि गेला. दुसऱ्या दिवशी आला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही.

बाकीचे मात्र परत नाकातून बोलल्यासारखे ऐकू येऊ लागले. दोन वर्षं तसेच यायचे, आणि दोन वर्षं मी त्यांना दटावत होतो, "सेट तपासून घ्या रे!" सेट परत आल्यावर एकच सकाळ सगळे स्वच्छ आले होते. आता पुन्हा बिघडले, तेव्हा मला वाटलं, हे सगळे त्याला सामील आहेत.

शेवटी पेडण्याच्या एका निवृत्त नर्सबाईंचा फोन आला. त्याही आमच्यातल्याच. "मास्तर, रेडिओवर नको म्हणून फोन केला. तुम्ही बोलायला लागलात की आम्ही सगळे एक बटण थोडं फिरवून घेतो. दोन वर्षं. तुमचाच सेट फ्रिक्वेन्सीवरून सरकलेला आहे."

मला राग आला. त्याच रागानं शॉर्टवेव्हवरचं एक परदेशी स्टेशन लावलं, ज्याची फ्रिक्वेन्सी जरासुद्धा हलत नाही. त्याच्या फ्रिक्वेन्सीवर नेमकं बसलं की सेटमधली शिट्टी खाली उतरत नाहीशी होते. वहीतल्या आकड्यावर ती वाजतच राहिली. मित्राच्या आकड्यावर विरून गेली. मी पुन्हा करून बघितलं. मग तिसऱ्यांदा. म्हणजे सेट माझ्याकडे आला तोच चुकीचा आकडा घेऊन, आणि तो मी तांबड्या शाईनं, एकही चूक न करता उतरवला होता. लाज वाटली हो, दुसरा शब्द नाही.

मित्राचा आकडा कायम ठेवला. आरोप सगळ्यांसमोर केला होता, म्हणून माफीही सगळ्यांसमोर मागितली. "चूक माझी होती. त्यानं नीट केलं होतं, मी बिघडवलं."

मग त्याचा आवाज आला, अगदी समोर बसल्यासारखा.

"खरं सांग मास्तर. तुझा सेट चुकतोय असं मी आधी सांगितलं असतं, तर मला हात लावू दिला असतास?"

मी माइकचं बटण दाबलं. "नाही," म्हटलं. आता बटण सोडल्याशिवाय त्याचं बोलणं मला ऐकू येणार नव्हतं, आणि माझ्याच्यानं ते सोडवेना.