कुंपणाआडचे पांढरे दगड

"जे आहे ते आहे," सबीना गॉन उठताबसता म्हणायची. बटाटे कुजले तरी तेच, नवरा गेला तेव्हाही तेच.

त्या वर्षी मास्तरांच्या कोलमननं लंडनला पुस्तक छापलं. गावाचं नाव त्यानं बदललं होतं, पण दलदल हीच होती, वाराही हाच. आणि समुद्राकडच्या कुंपणाआडची ती पडीक जागाही. बाप्तिस्म्याआधी गेलेली बाळं तिथं पुरायची. चर्चच्या आवारात त्यांना जागा नसे, गावाच्या तोंडी त्यांचा विषय नसे.

फादरनी रविवारी बजावलं, असली जागा आपल्याकडं नाही, कुणीतरी पोराचे कान भरलेत. सगळ्या माना सबीनाकडं वळल्या. कोलमनचं लहानपण तिच्याच चुलीपाशी गेलं होतं.

शेजारच्या मालाकी डर्कननं मात्र मान खाली घातली. सबीनाची तान्ही मुलगी त्या कुंपणाआड त्यानंच नेली होती, साबणाच्या खोक्यातून. सबीनाचा नवरा तेव्हा तापानं पडला होता. उशाचा पांढरा दगडही मालाकीनंच निवडला होता.

दलदलीतली माती कापून वाळवायची, तेच इथलं जळण. ते घरी आणायला सगळा गाव गाढवं घेऊन एकमेकांकडं जातो. एकट्या माणसाच्यानं ते होत नाही. सबीनानं आपल्या पाळीच्या दिवशी येणाऱ्यांसाठी पातेलंभर बटाटे उकडले. कुणी फिरकलं नाही.

दुसऱ्या दिवशी ती दुकानात आली, पाठीला रिकामी टोपली.

"पोरगं खोटारडं आहे, एवढंच म्हण," दुकानवाली डिलिया म्हणाली. "उद्या सगळ्यांची गाढवं तुझ्या दारात."

"आणि माझी मुलगी कुठं आहे म्हणू?"

"कुठली मुलगी, बाई?"

"तुझीही दोन आहेत तिथं, डिलिया."

डिलिया साखर तोलत राहिली. कोपऱ्यातून कुणीतरी म्हणालं, "हिवाळ्यात पुस्तकं जाळ मग. लंडनहून मागव पेटीभर."

"एकच आहे माझ्याकडं. माझ्या मुलीबद्दल कुणी लिहिलेलं तेवढंच आहे. ते नाही जळायचं." मग ती भिंतीला टेकलेल्या मालाकीकडं वळली. "मालाकी, तू सांग. काय आहे तिथं?"

मालाकीचं स्वतःचं जळण अजून दलदलीतच होतं. त्यानं टोपी हातात फिरवली.

"दगड आहेत," तो म्हणाला. "दगड काय, सगळीकडंच असतात."



"जे आहे ते आहे," सबीना म्हणाली, आणि टोपली सावरून दलदलीच्या वाटेला लागली. पश्चिमेकडून पाऊस येत होता. मालाकी दाराशी उभा राहून ती दिसेनाशी होईपर्यंत पाहत होता. त्याचं गाढव बाहेरच बांधलेलं होतं, पाठीवर दोन्ही टोपल्या रिकाम्या.