प्रभाचं रान

शिवराजअप्पांचा फोन मला कधी येत नसे. त्यांच्या बायकोचं डोकं मी आणि माझ्या पुस्तकांनी मिळून फिरवलं, असं त्यांचं ठाम मत होतं. भालकीच्या बसस्टँडवर समोरासमोर आलो तरी ते टोपी सारखी करत दुसरीकडं बघायचे. त्यामुळं त्या सकाळी बिदरमधल्या मैलूरच्या घरी गच्चीवर कपडे वाळत घालताना मोबाईलवर त्यांचं नाव दिसलं, तेव्हाच मला समजायला हवं होतं. "बाई," ते म्हणाले, "प्रभावती गेली. सैपाक करता करता खाली बसली, अन् गेली." "तुम्ही या," एवढं म्हणून त्यांनी फोन ठेवला. दुःख नंतर आलं. आधी आला तो संताप. दिवाळीपासून मी तिच्या मागं लागले होते, प्रभा, बोलताना तुला धाप लागायलीय, बिदरला ये, चांगल्या डॉक्टरला दाखवू. तिचं एकच उत्तर, "तुरीची रास होऊ दे, मंग बगू." रास झाली, तूर घरात येऊन पडली आणि ही बाई डॉक्टरकडं जायचं सोडून भलतीकडंच निघून गेली. आयुष्यभर तिनं माझं एक ऐकलं असेल तर शपथ.

आमची ओळख भालकीच्या मराठी शाळेतली. तिचं माहेर ठाणाकुशनूर, शिकायला मामाकडं राहिलेली. लिंगायताचं घर, त्यामुळं आजीशी कन्नड, माझ्याशी मराठी आणि बांगड्या भरणाऱ्या चाचीशी झकास दखनी. तिन्ही भाषांत ती सारख्याच जोरानं भांडायची. दहावी होताच तिचं भालकीजवळच्या मेहकरात लग्न झालं. मी शिकत गेले, बिदरच्या कॉलेजात मराठी शिकवायला लागले आणि पुढं कथा-कादंबऱ्या लिहू लागले. माझ्या लेखनातल्या बायका घुसमटतात, उंबरा ओलांडतात, स्वतःचा शोध घेतात. पुण्यामुंबईकडच्या जाणकारांनी त्यांचं कौतुक केलं. मेहकरातल्या एका वाचक बाईला मात्र त्यातली एकही पसंत पडली नाही. पुस्तक हातात पडल्यावर आठवड्याच्या आत तिचा फोन ठरलेला. "सुमन, ही तुझी बाई घर सोडून बसमध्ये बसली अन् पुस्तक संपलं. उतरली कुठं ती?" मी म्हणायचे, अगं, ते वाचकानं ठरवायचं असतं. "कामून? लिवायचं तू अन् ठरवायचं मी? त्या दिवशी ती जेवली काय, तेवढं तरी सांग." एका कादंबरीत माझी नायिका आरशासमोर उभी राहते आणि तिला पहिल्यांदा स्वतःची ओळख पटते. त्या पानाचं एका परिसंवादात जाहीर वाचन झालं होतं. प्रभा म्हणाली, "मला आरशात पांढरे केस सापडतात. बाकी काय सापडंना बाई." असं काही ऐकलं की मी दोन दोन आठवडे तिचा राग धरायचे. ती मात्र काहीच न घडल्यासारखी ज्वारीचं पीठ, शेंगाची चटणी असलं काहीबाही घेऊन दारात उभी.

तिचे वडील गेले, त्याच्या पुढच्या वर्षी तिचा भाऊ गुंडप्पा मेहकरात आला. एकुलता एक मोठा भाऊ. येताना भारी साडी आणली, पेढे आणले आणि पिशवीत हक्कसोडीचा कागद. बहिणीनं वडिलांच्या जमिनीवरचा हक्क सोडला, एवढी सही करायची. आमच्याकडं हे इतकं रीतीचं झालंय की बाया चहाचं पातेलं उतरवून ठेवतात, सही करतात आणि पुन्हा पातेलं चढवतात. प्रभानं चहा दिला, साडी ठेवून घेतली आणि सही केली नाही. "चष्मा सापडंना," म्हणाली. चष्मा तिच्या नाकावर होता. त्याच दिवशी तिनं मला फोन केला आणि मी हर्षानं अक्षरशः घरभर फिरले. इतकी वर्षं मी जे लिहीत होते, ते माझ्याच मैत्रिणीच्या आयुष्यात घडत होतं! दुसऱ्याच दिवशी मी मेहकर गाठलं. तिला सगळी योजना सांगितली. आपला वाटा घे, वीक, मैलूरला माझ्या जवळपास लहानसं घर घे, वाच, लिही, आयुष्यात एकदा तरी स्वतःचा शोध घे. ती शेंगा फोडत शांतपणे ऐकत होती. शेवटी म्हणाली, "शोध कशाला? मी कुठं हरवलेय? माझं रान हरवलंय, ते बगायचंय."

विकायचं नव्हतंच तिला. तिला पेरायचं होतं. हे तिनं भावाच्या घरी जाऊन, गावातली चार वडीलधारी माणसं बसलेली असताना सांगितलं. मी सोबत होते, भिंतीला टेकून बसले होते. "अण्णा, वड्याकडचा तुकडा दे. लहानपणी मी तिथं राखणीला बसायची. चांगली जमीन तुलाच ऱ्हाऊ दे." गुंडप्पाचा चेहरा काळाठिक्कर पडला. "तू पेरणार? लोकं म्हणतील, गुंडप्पानं बहिणीला रानात राबायला लावलं." प्रभा म्हणाली, "म्हणू दे. मी सांगते त्यास्नी, त्यानं न्हाई लावलं, म्या हट्टानं आलेय." बैठकीतले एक आजोबा हसले आणि तिथंच गुंडप्पा उठून बाहेर गेला. तो वड्याकडचा, म्हणजे ओढ्याकाठचा, दगडगोट्यांचा तुकडा तिला मिळायला पुढं दोन पावसाळे गेले. मिळाला त्या दिवसापासून भावानं बोलणं टाकलं. भाऊबीजेला ती ताट घेऊन गेली, तर घराला कुलूप. दोघांच्या रानांमधल्या बांधावर ताट ठेवून आली.

घरात तर आगच लागली होती. "मी काय खायचं?" हा शिवराजअप्पांचा पहिला आणि बराच काळ एकमेव प्रश्न. मुलगा हैदराबादेत नोकरीला, घरी दोघंच. प्रभा म्हणाली, "पिठल्याला बेसन लागतं, बायको न्हाई," आणि सलग चार दिवस त्यांना चुलीपाशी उभं करून पिठलं शिकवलं. मग पन्नाशी उलटून गेलेली ही बाई सोमवारी पहाटेच्या बसनं ठाणाकुशनूरला जायची, रानातल्या पत्र्याच्या खोपीत राहायची आणि गुरुवारी परत मेहकरात. तीन दिवस तिथं, चार दिवस इथं. मेहकरात आली की पुन्हा भाकरी, धुणं, अप्पांच्या गुडघ्याला तेल, सणवार, सगळं जिथल्या तिथं. याचा मला जो वैताग यायचा, तो आज लिहितानाही येतोय. एकदा मी चिडून म्हणाले, "घर सोडायचं तर सोड, धरायचं तर धर. हे काय लावलंयस?" तिनं इतक्या नवलानं माझ्याकडं पाहिलं, जणू मीच काही खुळ्यासारखं बोलले होते. "कामून सोडू? ते बी माझंच हाय की." मी म्हटलं, मग नवऱ्याला तेल कशाला चोळतेस? "दुखतंय म्हणून." मी तिच्यावर कथा लिहायला घेतली, तीनदा घेतली. तिन्ही वेळा गुरुवार आला की नायिका बसमध्ये बसून घरी परतायची आणि माझी कथा जमिनीवर आपटायची.

मी अधूनमधून तिच्या रानात जायचे. पहिल्या वर्षी निम्मी तूर डुकरांनी खाल्ली. मी हळहळत होते आणि ती म्हणत होती, "त्यास्नी बी कळलं, रानाला मालकीण आलीय." दुपारी लिंबाखाली खुरपणाऱ्या बाया भाकरी सोडायच्या आणि प्रभा त्यांना पुस्तक वाचून दाखवायची. बहुतेक माझंच. एकदा मी अचानक पोचले, तर माझ्या कादंबरीतला सगळ्यांत करुण प्रसंग चालला होता. नायिका रात्रभर खिडकीशी बसून रडते, तो. बाया पदर तोंडात कोंबून हसत होत्या. "रातभर? अन् सकाळी कामाला कवा जाती म्हनं?" मला बघून एकीनं तोंडावर हात घेतला, प्रभानं मात्र बिनदिक्कत पान उलटलं. पलीकडं बांधाच्या त्या बाजूला गुंडप्पाची बायको निर्मला पाठमोरी बसली होती. हातात विळा, पण तो हलत नव्हता. नवऱ्यानं नणंदेशी बोलायला बंदी केली होती. ऐकायला केली नव्हती. प्रभाला ते ठाऊक होतं. ती वाचताना उगीच मोठा आवाज काढायची आणि मला वाटायचं, हिच्या वाचनात काही ढंगच नाही.

...त्या दिवशी मी मेहकरला पोचले तेव्हा वाड्यासमोर माणसं जमली होती. आमच्या भागातल्या लिंगायतांच्या रीतीप्रमाणं प्रभाला भिंतीशी बसवलं होतं. कपाळभर विभूती, गळ्यात हार. तशी बसलेली ती फारच आज्ञाधारक दिसत होती, मला बघवेना. अप्पांच्या चुलतभावांनी शेतात सासू-सासऱ्यांच्या शेजारी जागा खणायला माणसं पाठवली होती. मुलगा हैदराबादहून येऊन पोचला आणि आता उठायचं, तेवढ्यात अप्पा म्हणाले, "हितं न्हाई. ठाणाकुशनूरला न्यायचं. ती मला म्हणली होती, मला माझ्या रानात ठेवा." एकच गलका झाला. चुलतभाऊ म्हणाला, "अप्पा, तुमचं डोकं फिरलंय काय? लगीन झालेल्या बाईला माहेरच्या रानात कोण ठेवतंय? आपल्या घराण्याची ती." मी तोंड उघडणार होते. माझ्याकडं स्त्रीच्या हक्कावर बोलण्यासारखं बरंच काही तयार होतं. पण अप्पांनी माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही. ते हळूच म्हणाले, "माहेरचं न्हाई ते. तिचं हाय." आणि मग जरा थांबून, "मी म्हणलो होतो तिला, मला एकट्याला हितं ठेवणार व्हय? तर म्हणली, तुमी बी या की तिकडं, जागा हाय." एवढं बोलून तो माणूस सगळ्यांसमोर लहान लेकरासारखा रडला. मुलानं बापाचा दंड धरला आणि टेम्पो मागवला.

वड्याकडच्या तुकड्याला जायची वाट गुंडप्पाच्या रानातून जाते. टेम्पो पोचला तेव्हा ऊन उतरलं होतं. वाटेवर काट्यांची फाटी ओढून लावलेली आणि अलीकडं गुंडप्पा उभा. बातमी त्याला कळली होती, पण तो ना पुढं होत होता ना मागं. टेम्पोत बहीण बसलेली, टेम्पोसमोर भाऊ. तेवढ्यात घराकडून निर्मला चालत आली. तिनं नवऱ्याला ओलांडलं, वाकली आणि ती काट्यांची फाटी दोन्ही हातांनी ओढून बाजूला केली. हाताला रक्त आलं, ते पदराला पुसलं. गुंडप्पा तिच्याकडं बघत राहिला. मग तो टेम्पोच्या पुढं चालायला लागला. खड्डा खणायला पहिली कुदळ त्यानंच घेतली. उशिरा घेतली, पण घेतली. त्याबद्दल त्याला माफ करायचं की नाही, हे मी अजून ठरवलेलं नाही. प्रभानं केलं असतं, याचाच मला राग येतो.

त्यानंतर बिदरला तिच्यासाठी आम्ही एक लहानशी सभा घेतली. ओळीनं सगळे वक्ते तिला सोशिक, त्यागी, कुटुंबवत्सल म्हणून मोकळे झाले. एकानं तर तिनं 'भावाशी कधी वाद घातला नाही' असं ठोकून दिलं. मी खुर्चीत बसून धुमसत होते. मेलेल्या बाईला किती सहज घडी घालून कपाटात ठेवतात!

मागच्या आठवड्यात मी ठाणाकुशनूरला गेले. अप्पा सोमवारचेच येऊन राहिले होते आणि बियाणं आणायला औरादला गेले होते. खोपीसमोर प्रभाची बाज तशीच. रोज दुपारी ती सावलीमागं सरकवत न्यायची. आताही ती सावलीतच होती, म्हणजे कुणीतरी सरकवलेली होती. मी बसले. जरा वेळानं बांध ओलांडून निर्मला आली. हाताला अजून काट्यांचे ओरखडे. चहा दिला, पायाशी बसली आणि म्हणाली, "बाई, परवा माझा भाऊ यायलाय. कागद घेऊन." तिच्याही माहेरी जमीन आहे हे मला माहीतच नव्हतं. मी पिशवीतून पेन काढलं. म्हटलं, काय बोलायचं ते मी मुद्देसूद लिहून देते, पाठ कर. ती कसनुशी हसली. "लिवून नगं. मला बोलायचंय. प्रभाअक्का बांधापलीकडनं म्हणल्या होत्या, तुझ्याकडून बोलून घेते म्हणून... रास झाल्यावर." मग माझ्यासमोर बाजेवर जागा करून बसली. "तुमी माझा भाऊ व्हा."

मी तीस वर्षं बायकांच्या तोंडी संवाद घालत आले. भाऊ कधी झाले नव्हते. पण झाले. घसा खाकरला आणि म्हणाले, "निर्मला, ही साडी घे. अन् हितं एवढी सही कर." तिनं मान खाली घातली. मग ती काहीतरी पुटपुटली, मला ऐकूही आलं नाही.

"मोठ्यानं बोल गं!" मी वैतागून ओरडले.

तिनं मान वर केली. "न्हाई करत, दादा."

पलीकडं हरभरा उपटणाऱ्या बाया कंबर सरळ करून आमच्याकडं बघायला लागल्या. निर्मलानं त्यांच्याकडं पाहिलं, पदर खोचला आणि मला म्हणाली, "पुना इचारा."