सागाच्या चकत्या

बाळांनो, तुमची आई आजोबांना लाकडाचे ठेकेदार म्हणते. ते लाकडाचे नव्हते, वाहतुकीचे होते. ऐंशीनंतरच्या त्या वर्षांत आम्ही गडचिरोलीकडे राहत होतो. जंगलातला साग सरकारी महामंडळ तोडायचं आणि आमच्या ठेक्यावरच्या बैलगाड्या तो डेपोत नेऊन टाकायच्या.

प्रत्येक ओंडक्याच्या टोकावर जंगल गार्ड हातोड्याने ठसा मारी, माल कुठून कुणाच्या गाडीने आला ते त्यावरून कळे. एका उन्हाळ्यात डेपोत पडलेल्या मालाची टोकं तडकली. तडकलेल्या लाकडाला लिलावात भाव येत नाही, म्हणून डेपोबाबूने गाडीवानांना तोंडीच सांगितलं, टोकं छाटून टाका. त्यांनी मन लावून छाटली. टोकांबरोबर ठसेही गेले. पुढे बाबूची बदली झाली, तपासणी झाली आणि महामंडळाने कळवलं की बिनठशाचा माल आमच्या गाड्यांनी आलेलाच नाही, त्याच्या वाहतुकीचे पैसे मिळणार नाहीत.

आजोबांनी नागपूरला हायकोर्टात अर्ज केला. गाडीवानांचा मुकादम आमच्या ओसरीवर येऊन बसे. इतर गाडीवानांना काहीतरी हातात देता यावं म्हणून त्याने आपल्या बैलजोडीवर व्यापाऱ्याकडून उचल घेतली होती. कोर्टाचे पैसे आले नाहीत तर जोडी व्यापाऱ्याची. दर पोळ्याला व्यापारी मुदत वाढवून देई.

कोर्टाचे कागद इंग्रजीत येत. मी ते वाचून अर्थ सांगायचे. माझ्या इंग्रजी बी.ए.चा त्या गावात तेवढाच उपयोग झाला.

छाटलेल्या टोकांच्या चकत्या घराघरांत गेल्या होत्या. कुणी बसायला घेतली होती, कुणी तीवर भाजी चिरायचं. आमच्याकडची रांजणाखाली होती. महामंडळाने कोर्टात दिलेलं उत्तर मी वाचून दाखवलं, त्यात ‘ठसे कधी नव्हतेच’ असं होतं. मुकादम हसला.

‘‘नव्हते? माह्यी बायको रोज ठशावर बसून भाकरी थापते बाई.’’

त्याने चकत्या गोळा केल्या. मीही रांजण हलवून आमची दिली. पोतं खांद्यावर घेऊन तो आजोबांबरोबर एसटीने नागपूरला गेला आणि पोत्यासकट परत आला. वकिलांनी पोतं उघडूच दिलं नव्हतं. या कोर्टात वस्तू पाहत नाहीत, कागद पाहतात, असं ते म्हणाले.

‘‘चकत्या नाई पाहाच्या, तं पाहाचं काय? माह्यं तोंड?’’ ओसरीवर पोतं टेकत तो म्हणाला. आजोबा पाय धुवायला गेले.

निकाल आला तो पोळ्याच्या आधी. मुकादमाने बैलांची शिंगं रंगवायला घेतली होती, बोटांना हिंगूळ लागलेला, तसाच तो ओसरीवर आला. मी वाचलं.

‘‘जिंकलो का हारलो, तेवढं सांगा.’’

‘‘दोन्ही नाही, भाऊ. ते म्हणतात, माल आला की नाही याचा वाद साक्षीपुराव्याचा आहे, तो इथे ठरवता येत नाही. दिवाणी कोर्टात दावा करा.’’

‘‘मंग तिथी तं चकत्या पाहातीन?’’

‘‘पाहतील.’’

‘‘चाला मंग.’’

मला पुढचं सांगावं लागलं. वकिलांचं पत्र सोबत होतं. जेवढी रक्कम मागायची तिच्या प्रमाणात कोर्टाची फी दावा लावतानाच भरायची होती. आजोबांकडे तेवढे पैसे उरले नव्हते. ते दारात उभे होते, त्यांनी नकाराची मान हलवली.

‘‘आपलेच पैसे मांगाले आंधी आपनच पैसे द्याचे?’’

‘‘हो.’’

‘‘काऊन?’’

‘का’ ते कुठे लिहिलंय का म्हणून मी वकिलांचं पत्र पुन्हा चाळलं.

त्याने बोटांचा हिंगूळ धोतराच्या टोकाला पुसला. मग म्हणाला, ‘‘एकडाव अजून वाचा ना बाई. पहिल्यापासून. मराठीत नोको, तसंच वाचा.’’

मी निकाल पहिल्या पानापासून इंग्रजीत वाचला. त्याला एक शब्द कळत नव्हता. माझ्या तोंडाकडे पाहत तो शेवटच्या सहीपर्यंत ऐकत राहिला आणि मी थांबल्यावर, अजून काही लिहिलंय का म्हणून, त्याने कागद उलटून मागची बाजू पाहिली.