सगळं एकच म्हणणारे दोघं

माझे वडील वीज खात्यात वायरमन होते. त्यांना जिवाभावाचा म्हणावा असा एकच मित्र होता, गावठाणातला एक माळकरी शेतकरी. आमचं गाव पौड रस्त्याला, भुकूमच्याही पुढे. आम्ही बौद्धवस्तीतले, ते मोठ्या भावकीतले. वडील त्यांना ‘माळकरी’ म्हणत आणि ते वडिलांना ‘वायरमन’. मी काका म्हणायचे. तीसेक वर्षं हे दोघं रोज संध्याकाळी ग्रामपंचायतीच्या वाचनालयात बसले. वाचनालय म्हणजे एक खोली, दोन कपाटं आणि बाहेर एक बाक.

ओळख झाली ती एका फाटक्या अंतराळकथेमुळे. तिला मुखपृष्ठ नव्हतं आणि शेवटची पानंही नव्हती. त्यात एका ग्रहावरच्या सगळ्या माणसांचं मन एकच असतं. एकाला चटका बसला की सगळे ओरडतात. दोघांनी पाठोपाठ ती घरी नेली आणि शेवट काय झाला हे एकमेकांना विचारायला गेले. शेवट कुणालाच माहीत नव्हता, त्यामुळे बोलणं लांबत गेलं.

काका म्हणायचे, “ह्ये आमच्यात पयल्यापासनं सांगितलंय. घागरी निराळ्या, पाणी एक. समद्यात एकच ब्रह्म.”

वडील मान हलवायचे. “ब्रह्मबिम्म काय न्हाई, माळकरी. आत्माबी न्हाई. पण सुटं काहीच न्हाई, येवढं खरं. ह्ये हाय म्हणून त्ये हाय. खांबावर चढलं की कळतं. हितं एक तार तुटली की पार नांदे गावापतुर अंधार.”

मी तेव्हा फिजिक्स घेऊन बी.एस्सी. करत होते. वाद अडला की निवाडा करायला मला बोलवायचे. एकदा मी त्यांना सांगितलं, की आपल्या रक्तातलं लोखंड कधीकाळी ताऱ्यांच्या पोटात तयार झालं, तारे फुटले तेव्हा बाहेर पडलं आणि फिरत फिरत आपल्यापर्यंत आलं. काकांनी आपला हात वडिलांच्या हाताशेजारी बाकावर ठेवला.

“म्हंजी ह्येच्यात आन् माझ्यात येकच लोखंड?”

“एकाच राखेतलं,” मी ऐटीत म्हणाले.

त्या आठवड्यात काकांनी देवळातल्या प्रवचनात हे सांगितलं. “आपल्या वायरमनची पोरगी शिकलीया, ती काय म्हणती ऐका.” वडिलांनी ते रस्त्यावर उभं राहून भोंग्यावर ऐकलं आणि घरी येऊन आईला दोनदा सांगितलं. देवळात ते गेले नव्हते. त्या तीस वर्षांत दोघं कधी एकमेकांच्या घरी जेवले नाहीत, हेही माझ्या तेव्हा लक्षात आलं नाही. चहा टपरीवरून यायचा, कागदी कपात.

मी फिजिक्स शिकवायला लागले, त्यानंतर काही वर्षांनी वडील जुलैत गेले, सकाळी, दाढी करता करता. आठ दिवस पावसानं उघडीप दिली नव्हती. आमची स्मशानाची जागा ओढ्यापलीकडे. तिथे नुसता उघडा चौथरा होता, छप्पर नाही, आणि त्या दिवशी चौथऱ्यावरून पाणी वाहत होतं. गावची स्मशानभूमी नदीकडेला, रस्त्याला लागून. तिथे सिमेंटचा ओटा होता आणि वर पत्र्याची शेड. भाऊ म्हणाला, विचारून बघू. मी म्हणाले, मी काकांना विचारते. ते नाही म्हणतील असं माझ्या मनातही आलं नाही.

काका पडवीत बसले होते. बातमी त्यांच्यापर्यंत पोचली होती. मला बघून ते रडायला लागले. “आसा कसा गेला गं न सांगता,” म्हणाले. मी त्यांना शेडचं विचारलं. तेवढ्यात त्यांचा मोठा मुलगा आतून आला.

“तुमची जागा हाय की तिकडं.”

“पाण्याखाली गेलीये.”

“मग थांबा की जरा. पाऊस काय जल्मभर पडतोय?”

मी काकांकडे बघितलं. ते जमिनीकडे बघत होते.

“काका, तुम्ही बोला ना.”

“भावकीला इचाराय लागंल,” ते म्हणाले.

“मग विचारा. मी थांबते इथे.”

ते उठले नाहीत. म्हणाले, “माझी ना न्हाई गं. पर त्ये माझ्या येकट्याचं हाय का?”

मी परत येऊन काय झालं ते सांगितलं. वस्तीतली काही माणसं पोलीस ठाण्यात जायला निघाली. त्यांचं बरोबर होतं, मलाही जायचं होतं. आईनं दारातच अडवलं. “माणूस घरात पडलंय आन् तुमी ठाण्यात अर्ज लिवत बसणार? त्येला न्या आदी.”

दुपारी आम्ही ओढा ओलांडला. चौथऱ्यावर सिमेंटचे ठोकळे रचून उंची केली आणि त्यावर लाकडं ठेवली. त्रिसरण, पंचशील म्हटलं. वरून पत्रे धरायला आठ माणसं लागली. एक कोपरा मी धरला. पत्रे कुणाच्या तरी गोठ्यावरचे काढून आणलेले, त्यांना खिळ्यांची भोकं होती आणि प्रत्येक भोकातून पाण्याची धार चितेवर पडत होती. आग दोनदा विझली. डिझेल ओतलं, जुने टायर घातले. वडिलांचं शेवटचं दर्शन मला त्या काळ्या धुरात झालं. ओल्या लाकडातलं पाणी उडवायला किती उष्णता लागते याचं गणित मी दरवर्षी फळ्यावर सोडवून दाखवते. त्या दिवशी ते साडेचार तास हातांनी सोडवलं. पत्रा तापला की बोटांना ओलं फडकं गुंडाळायचं, ते सुकलं की दुसऱ्याकडे कोपरा द्यायचा.

ओढ्याच्या गावाकडच्या काठावर एक छत्री उभी होती. काका होते. पाणी गुडघ्याएवढंच होतं, आमच्यातल्या म्हाताऱ्या बायकाही ओलांडून आल्या होत्या. ते पहिल्यापासून शेवटपर्यंत तिथेच उभे राहिले. मी त्यांना हाक मारली नाही.

पुढे काकांनी रस्त्याकडेचा जमिनीचा एक तुकडा बिल्डरला विकला आणि त्यातून आमच्या स्मशानाला शेड बांधून दिली. विटांचा ट्रक आला तेव्हा मी भावाला म्हणाले, “हे घेऊ नको. आज हे उभं राहिलं की गावात कायमची दोन स्मशानं झाली. मग कुणी विचारायलासुद्धा जाणार नाही.”

भाऊ म्हणाला, “कळतं मला. पण पुढच्या पावसात आईचं काय झालं, तर तू परत पत्रे धरणार का?”

विटा आम्ही उतरवून घेतल्या. शेड चांगली झाली. गावच्या शेडपेक्षा उंच आहे, आणि आत दिवाही आहे.

वाचनालयाच्या खोलीत आता दाखले काढायचे कॉम्प्युटर आहेत. तो बाकही कुणी तरी हलवला. त्यामुळे काका मला भेटले ते बसथांब्यावर, शेड होऊन महिना झाल्यावर. खूप थकलेले दिसत होते.

“शेड बघितलीस का?”

“बघितली.”

“बरी झालीया न्हवं?”

“काका, गावची शेड होती की.”

ते काठीच्या टोकानं माती उकरत राहिले. मग म्हणाले, “वायरमनला समजलं आसतं. त्येला गाव म्हाईत हुतं.”

“हो,” मी म्हणाले. “म्हणूनच त्यांनी तुमच्याकडे कधी काही मागितलं नाही. मी मागितलं, कारण मला तुमचं बोलणं खरं वाटलं होतं.”

हिंजवडीकडे जाणारी बस आली. गर्दी होती, तरी मी शिरले. खिडकीतून दिसलं, ते थांब्यावर बसले होते, आणि बस निघाली तरी माझ्याकडेच बघत होते. याला दोन वर्षं झाली. आम्ही दोघंही गावातच आहोत. रस्त्यात समोरासमोर येतो, तेव्हा ते थांबतात. मी थांबत नाही.