वहिनीने न दिलेला माफीनामा

माझी थोरली वहिनी रेशन दुकान चालवते. दादा गेल्यावर परवाना तिच्या नावावर झाला, त्याला आता बारा वर्षं झाली. तराजूचं तोंड ती गिऱ्हाइकाकडे ठेवते आणि गिऱ्हाईक "बरोबर" म्हणेपर्यंत दाणा पिशवीत पडू देत नाही. घाईतल्या माणसाला याचा वैताग येतो. मला तर तिचा घरातही येतो.

मी पुरवठा कार्यालयासमोर टायपिंगचं टेबल मांडून बसतो. तीस वर्षं लोकांच्या वतीने हात जोडतोय. 'गरिबावर दया करावी' ही ओळ माझी बोटं झोपेतही टाइप करतील.

एका मंगळवारी वहिनी दुपारी जेवायला घरी आली होती. तेवढ्यात निरीक्षक आले, शटरला सील ठोकलं आणि कागद चिकटवून गेले: तक्रारींवरून परवाना निलंबित. तक्रारी कुणाच्या, कसल्या, कधीच्या, एक अक्षर नाही. आधी नोटीस नाही की साधी विचारपूस नाही. अहो, चोराला धरतात तेव्हा निदान काय चोरलंस ते तरी सांगतात!

मी लगेच टाइप केलं, 'माझ्या हातून काही चूक झाली असल्यास मोठ्या मनाने क्षमा करावी.' वहिनीने वाचलं आणि कागद टराटरा फाडला.

"चूक कोणती तेच ठाऊक नाही, मग क्षमा कसली मागताय, भावजी?"

मग तिने स्वतः मजकूर सांगितला. तक्रारीची प्रत द्या. माझं म्हणणं ऐका. नंतर काय ते ठरवा.

"'कृपया' घालू का?" मी विचारलं.

"एकदा घाला. सभ्य माणसं आहोत आपण."

तेव्हापासून ती रोज दहाच्या ठोक्याला कार्यालयातल्या बाकावर. क्लार्क म्हणायचा, "साहेब मीटिंगमध्ये आहेत." ती म्हणायची, "मीटिंग संपते ना? मी बसते." तिकडे कार्डवाल्यांना धान्यासाठी पुलापलीकडे पायपीट करावी लागत होती. परवाना कायमचा गेला तर दोन्ही पुतण्यांचं कॉलेज सुटणार, या काळजीने मला घास गोड लागत नव्हता.

सातव्या दिवशी साहेबांनी आत बोलावलं. मीही मागोमाग शिरलो. साहेबांनी एक छापील माफीनामा पुढे सरकवला.

"'सर्व आरोप मान्य' असं लिहिलंय. सही करा, संध्याकाळपर्यंत सील निघेल. नाहीतर परवाना रद्द."

मी वहिनीच्या कानात कुजबुजलो, "करून टाका सही. अडला हरी..." पुढची म्हण गिळली, कारण साहेब समोरच होते.

"हरी कुठे अडलाय?" ती सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली. "तक्रार दाखवायची सोडून हे सही मागतायत. म्हणजे अडलंय यांचंच."

साहेबांचे कान लाल झाले, पण फाइल आली. तक्रारी दोन होत्या: वहिनी मापात मारते, आणि मशीनवर अंगठा न उमटता तिने धान्य दिलं.

"पहिली खोटी. तराजू तपासा, पण माझ्यासमोर," वहिनी म्हणाली. "दुसरी खरी."

मी डोळेच मिटले.

"म्हाताऱ्या गवंड्याच्या अंगठ्यावरच्या रेषा सिमेंटने खाल्ल्यात. मशीन त्याला ओळखत नाही, मी ओळखते. तीन महिने त्याला धान्य दिलं, वहीत लिहून ठेवलंय. नियम मोडला."

"मग सही करायला काय हरकत होती?"

"माझा गुन्हा किलोभराचा आहे, साहेब. तुम्ही पोतं उचलायला सांगताय."

साहेबांनी फाइल मिटली आणि म्हणाले, "जाऊ द्या. सोडलं तुम्हाला. जा, उघडा दुकान."

मी उठलोसुद्धा. वहिनी जागची हलली नाही.

"असं तोंडी सोडू नका. आज तोंडी सोडाल, उद्या तोंडीच धराल. काय केलं, का केलं, त्याला शिक्षा काय, सगळं लिहून द्या."

मला तिचा असा राग आला की काय सांगू. पाठोपाठ स्वतःची लाज वाटली. तीस वर्षांत माझ्या एकाही अर्जात कुणी ताठ उभं राहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिच्यासमोर तराजू तपासला, तो चोख निघाला. तिसऱ्या दिवशी लेखी आदेश मिळाला. जुनं निलंबन रद्द. अंगठ्याच्या चुकीसाठी आजपासून आठ दिवस दुकान बंद. कार्यालयाच्या पायऱ्यांवर कार्डवाले जमले होते, खाली मान घालून गवंडीही. वहिनीने कागद माझ्या हातात दिला.

"मोठ्याने वाचा, भावजी."

मी वाचत गेलो. 'दुकानदाराचे म्हणणे समक्ष ऐकून घेण्यात आले' या ओळीवर आलो, तेव्हा तिने माझा दंड धरला.

"हे पुन्हा वाचा," ती म्हणाली.